चिमणाबाईला जोड पायजे

कसबा बावड्यात सकाळचं दूध घरोघरी पोचायच्या आदी चिमणाबाईच्या थापा पोचलेल्या असत्यात. आन थापा तरी कसल्या, एक बी मापात बसनारी न्हाय.

एकदा म्हनं तिनं पंचगंगेच्या ह्या काठावरनं भाला टाकला. पल्याडच्या काठाला लग्नाचा मांडव घातलेला, आन त्याची एक मेढ नेमकी मोडलेली. भाला जाऊन त्याच खड्ड्यात उभा ऱ्हायला. मांडव सावरला, लगीन पार पडलं, आन नवरानवरीनं पयला नमस्कार भाल्याला केला. दुसऱ्या खेपंला उडत्या भाल्यावर एक कावळा टेकला, त्यो थेट शिरोळला उतरला, बिनतिकिटाचा. पंजाबची एक बाई हुती, लई उंच, तिच्या आंबाड्यात ढग अडकायचा. तिला चिमणाबाईनं बोटभर फरकानं पाडलं. मद्रासची एक हुती, ती भाला टाकायच्या आदी जमिनीला कान लावून ऐकायची. तिला बी पाडलं.

माणसं हसायची, परत सांग म्हनायची, आन चिमणाबाई सांगताना पंजाबची बाई आनखी वीतभर उंच करायची. पन एक गोष्ट कुनाच्या ध्यानात आली न्हवती. भाला किती लांब गेला, ह्याच्यावर तिचा जोर कमीच. जोर सगळा समोर कोन हुतं ह्याच्यावर. कारन खरं सांगायचं तर समोर कवाच कोन नसायचं.

साठ वर्सांमागची गोष्ट. बाप आकाराम बैलगाडीनं कारखान्याला ऊस घालायचा, आन चिमणा खाली उभी ऱ्हाऊन गाडीवर मोळ्या फेकायची. वरच्या माणसानं झेलायच्या आत दुसरी मोळी त्याच्या छाताडावर. शाळेतल्या सरांनी ह्ये एकदा रस्त्यातनं जाताना बघितलं आन सायकलीवरनं उतरले. दुसऱ्या दिशी तिच्या हातात बांबूचा भाला दिला. परकर खोचून तिनं टाकला तर भाला मैदान सोडून पल्याडच्या चिंचंत अडकला. चिंचंचं तेवढं खरं हाय, थाप न्हवं. काढायला वर चढनारा माणूस अजून जिता हाय.

जिल्ह्याच्या स्पर्धेत भाला टाकनारी पोरगी एकच. पंच खुर्चीत बसून सुपारी कातरत म्हनायचे, "टाक बाळ, कसा बी टाक, पयलीच हाईस." गावात आल्यावर लोक म्हनायचे, "एकटीच पळाली आन पयली आली." आता कोल्हापुरात ह्ये कुनाला सांगाया नगो. जोड गावली न्हाय की पैलवान नुसता हात वर करून आखाड्यातनं फिरतो. लोक टाळ्या देत्यात, फेटा बांधत्यात, पन घरी जाऊन त्यो पैलवान उशीत तोंड खुपसतो.

सर म्हनले, विभागाला गावंल जोड. मिरजेची एक पोरगी येनार हुती. चिमणा रेघंवर उभी ऱ्हाऊन फाटकाकडं बघत ऱ्हायली. पोरीची गाडी चुकली का बापानं पाठवली न्हाय, काय कळलं न्हाय. पंच म्हनले, "टाक गं आता, ऊन व्हाय लागलंय." तिनं टाकला. पयली.

मग लगीन झालं. नवरा अमरसिंह, म्हशी राखनारा आन म्हशीवानीच शांत. त्यानं भाल्याला कवा नाव ठिवलं न्हाय, उलट शेवग्याच्या शेंगा काढायला लई सोयीचा म्हनायचा. त्योबी जाऊन आता सात-आठ वर्सं झाली. बक्षिसाच्या ढाली माळ्यावर गेल्या, आन पंजाबची बाई, मद्रासची बाई, ह्या एकेक करून चिमणाबाईच्या तोंडात वस्तीला आल्या.

ह्या थंडीत एक दिस फोन आला. कृष्णात सरांचा. शाळेत पीटी शिकवून रिटायर झालेले, आता वयस्कर माणसांच्या मैदानी स्पर्धा भरवत्यात.

"आज्जी, तुमच्या सुनबाईंनी तुमचं नाव घातलंय बगा. पंच्याहत्तरीच्या वरच्या बायकांत भालाफेकीला तुमी एकट्याच हाय. नुसतं या, टाका, आन सोनं गळ्यात घालून जावा."

"मग मला न्हाय यायचं," चिमणाबाई म्हनली.

"का वं? तब्येत बरी न्हाय?"

"तब्येतीला काय धाड भरलीया. जोड न्हाय तर कुस्ती कसली?"

"आता ह्या वयाची जोड मी कुटनं आनू, आज्जी? पयल्या हाय की तुमी."

"पयली ऱ्हाऊन ऱ्हाऊन वीट आलाय मला. दुसरी बाई मी आनली तर टाकू द्याल का?"

सर हसले. "पंच्याहत्तरीच्या वरची असंल, आधारकार्ड असंल, आन भाल्याचं टोक कुटलं एवढं ठाऊक असंल, तर आना. पन लवकर आना."

फोन ठिवला तर सून संयोगिता दारात उभी. हातात कनकीचा गोळा, आन तोंडावर राग. "आत्ती, किती हौसंनं नाव घातलं मी. फुकटचं सोनं येतंय तर घ्यायचं सोडून."

"फुकटचं सोनं तुज्या म्हायेरच्यांनी दिलं न्हाय ते आता सरकार देनार व्हय?"

"तसं असंल तर बसा शोधत. बावड्यात तुमच्या वयाच्या बायका चालताना भिताड धरत्यात."

संयोगिताचं खोटं न्हवतं. चिमणाबाई भजनी मंडळात गेली. तानाबाई टाळ खाली ठेवून म्हनली, "भाला? मला सुईत दोरा ववंना, आन भाला टाकू? गुडघा बदललाय माझा, त्याची अजून वॉरंटी हाय, ती घालवू नगस." दुसरीला चक्कर यायची. तिसरीला जमलं असतं, पन ती मुंबईच्या लेकाकडं निघालेली. चहाच्या गाड्यावर पिराजी बसलेला, कारखान्यातनं निवृत्त झाल्यापासनं तिथंच बसतो. त्यो म्हनला, "चिमणाबाई, मी लुगडं नेसून येऊ काय?"

"ये की. पन मिशी घरी ठिवून ये, आन तिला वाऱ्यावर सोडू नगस, तुजी बायकू बी तिच्यावरच भाळलीया."

बोलली खरी, पन घरी आल्यावर तिनं एक बी थाप मारली न्हाय. चिमणाबाई बिनथापाची म्हंजे संयोगिताला कसं तरी वाटाय लागलं. आनखी दोन दिस असंच गेलं तेव्हा ती म्हनली, "आत्ती, उद्या पुनव. नरसोबाच्या वाडीला जाऊन या. दत्ताला सांगा, बाबा जोड दे."

"दत्ताला तीन तोंडं हाईत, एक मला दिलं तरी चालंल," असं म्हनत चिमणाबाई निघाली.

दत्ताचं दर्शन झालं, पेढं घेतलं, आन परत येताना कुरुंदवाडच्या शिवारात वडापच्या जीपचा टायर फुटला. डायवर खाली उतरला, पावणं सगळे उतरले. चौबाजूला ऊसच ऊस, मधी कुनी तरी हुरड्यापुरता शाळू केलेला. त्याच्या मधोमध पाखरं राखायचा माळा. चिमणाबाई बांधावर टेकते न टेकते तोवर डोक्यावरनं कायतरी सूं करून गेलं, आन पार तिकडं कोपऱ्यात भोरड्यांचा थवाच्या थवा उठला.

माळ्यावर एक म्हातारी उभी. कपाळाला इभूत, गळ्यात लिंगाची चांदीची डबी, हातात गोफन. "हाऽऽ हो" अशी एक आरोळी तिनं दिली, आन दगड सोडल्या सोडल्या माळ्याची शिडी उतरून पाखरांच्या मागं पळत सुटली. पळतीया कशी, तर कासोट्याला आग लागल्यावानी.

चिमणाबाईनं पेढ्याचा पुडा डायवरच्या हातात दिला. "टायर लावा न्हायतर नका लावू, मी हितंच हाय."

म्हातारीचं नाव शिवम्मा. पानी देता देता म्हनली, "येवढं काय बघत्यास, अक्का? पाखरं हानतोय, मानसं न्हाय."

"वय काय तुजं?"

"कुनाला ठावं. आधारकार्डावर शहात्तर घातल्यात. एक जानेवारी. आमच्या गल्लीतल्या सगळ्या म्हाताऱ्या एक जानेवारीलाच जन्मल्यात."

चिमणाबाई तिथंच फतकल मारून बसली. तिनं सगळं सांगितलं. भाला, स्पर्धा, सोनं, जोड. शिवम्मानं शांतपनी ऐकलं आन विचारलं, "तितं पाखरं असत्यात काय?"

"मैदानात? न्हाईत."

"मग बिनपाखराचं टाकायचं कशाला?"

ह्या प्रश्नाला साठ वर्सांत कुनी उत्तर दिलं न्हवतं. पन चिमणाबाईला उत्तर कवा कमी पडलंय? "हाय की एक पाखरू. कृष्णात सर म्हनून. मोठा भोरड्या, पांढरी टोपी घालून मैदानाच्या मधी उभा असतो. त्येला मैदानाच्या कडंला घालवायचा, एवढंच काम."

शिवम्मा हसली. दात दोनच, पन दोनी हसले. "यव्वा, थापाडी हाईस गं तू. पन राखन कोन करनार?"

बांधावर खुरपनारा तिचा ल्योक संगमेश ऐकत हुता. त्यो म्हनला, "जा की अव्वा. चार दिस भोरड्यांना बी सुट्टी दे. तुज्या भ्यानं त्येंची पिल्लं वाळली."

अशी शिवम्मा बोचकं घेऊन बावड्याला आली. तोडलेल्या उसाच्या रानात दोघींची तालीम सुरू झाली. कवा बांबू, कवा शेंगा काढायचा भाला. धरायचा कसा, टोक फुडं कसं, कोपरा कानाजवळनं कसा काढायचा. शिवम्माच्या खांद्यात जोर असा की पयल्याच दिशी बांबू बांध ओलांडून गेला, आन ती "हाऽऽ हो" करत त्याच्या मागं पळाली. संयोगिता जेवन घेऊन आलती, ती पोट धरून खाली बसली. चिमणाबाई बी हसली. टाकल्यावर पळायचं न्हाय, थांबायचं असतं, ह्ये सांगायचं तिला सुचलंच न्हाय. रानात रेघ कुटली? आन जन्मभर एकटीनंच टाकलेल्या बाईला दुसरीच्या चुका बघायची सवय तरी कुटली?

रविवारी मैदानात पोरं, नातवंडं, फुगेवाला, सगळी गर्दी. पिराजी मिशीसकट आलता. कृष्णात सरांनी पांढरी टोपी घातलेली. शिवम्मा चिमणाबाईच्या कानात म्हनली, "ह्योच न्हवं का भोरड्या?"

"ह्योच. पन त्येला लागू देऊ नगस, लेकराबाळांचा हाय."

दोघी लुगड्याचा कासोटा आवळून उभ्या ऱ्हायल्या. दोघी. चिमणाबाईनं एकदा डावीकडं बघितलं, शिवम्मा हाय का बघायला. हुती. नाकात बोट घालून उभी हुती.

वयानं थोरली म्हनून शिवम्माला आदी बोलावलं. डाव दोघींना तीन-तीन. तिनं भाला उचलला, चार पावलं पळाली, आन सोडला. भाला गेला तो गेलाच. गर्दी "आयला" म्हनाली. भाला रुतला, आन शिवम्मा "हाऽऽ हो" करत फक्कीची पांढरी रेघ ओलांडून थेट त्याच्या मागं. सर टोपी धरून बाजूला झाले. तांबडा बावटा वर. फाऊल.

"रेघ ओलांडायची न्हाय आज्जी," सर म्हनले.

"रेघ कुटली? मी भाल्याकडं बघतोय."

चिमणाबाईनं आपला टाकला. चांगला गेला. पन शिवम्माच्या खड्ड्याच्या अलीकडं, ह्ये तिच्या डोळ्यांनी तिला सांगितलं.

दुसऱ्या डावाला चिमणाबाईनं शिवम्माला दोनी खांदे धरून बजावलं, "टाकायचं, आन हितंच ऱ्हायाचं." "व्हय की," शिवम्मा म्हनली. टाकला, आन गेली पळत. तांबडा बावटा. परत येताना स्वतःच्या थोबाडात मारून घेत म्हनली, "अक्का, पाय माजं ऐकंनात. चाळीस वर्सं दगडामागं पळाल्यात ते."

चिमणाबाईचा दुसरा डाव बी पयल्याएवढाच गेला, आन सरांनी तिला बाजूला घेतलं. "आज्जी, तिसरा बी असाच गेला तर त्येंचा एकबी डाव धरला जानार न्हाय. मग तुमी एकट्याच. सोनं तुमचंच."

सरांनी गोड बातमी म्हनून सांगितलं ते. चिमणाबाईच्या तोंडात मातर कडू कारलं आलं. परत एकटी. एवढं वाडीला जाऊन, एवढं चार दिस भाकऱ्या घालून, परत एकटीच. दुसरं बी एक तिला कळत हुतं. ह्या बाईचा भाला जर पांढऱ्या बावट्याला पडला, तर आपला पराभव ठरलेला. गप बसलं की सोनं, हललं की गेलं. तिनं रेघंकडं बघितलं. उन्हात रेघ म्हंजे नुसती रेघ. त्या बाईला ती दिसनार कशी? तिच्या आयुष्यात तिनं कवा रेघ बघितलीया?

मग चिमणाबाई उठली, आन रेघ आखनाऱ्यांची फक्कीची बादली उचलली. रेघंवर उकिडवी बसली. चिमटीत फक्की धरली, आन सरसर सरसर काढाय लागली. आदी कमळ. मग गाईची पावलं. मग स्वस्तिक, त्याच्या शेजारी तुळस. आन मधोमध, जिथनं शिवम्मा पळत जायची तिथं, एक झकास पिंड. वर नाग, खाली बेलाचं पान.

"आज्जी, आज्जी," कृष्णात सर पळत आले. "ही रेघ हाय, उंबरा न्हवं."

"रेघ हाय तिथंच हाय. मी काय सरकवली न्हाय, नटवली."

"पन असं कुटं असतंय का?"

"तुमच्या पुस्तकात रांगोळी काढायची न्हाय असं लिवलंय का?"

सरांनी दुसऱ्या पंचाकडं बघितलं. दुसरे पंच तोंडाला रुमाल लावून हसत हुते. त्यांनी रेघ तपासली, टेप लावली, आन म्हनले, "रेघ जाग्यावर हाय. चालू द्या, पुसायची म्हनलं तर आदी पिंडीला नमस्कार करायला लागंल."

शिवम्मा उभी ऱ्हायली. भाला उचलला. पळाली, सोडला, आन "हाऽऽ" एवढंच तोंडातनं निघालं. फुडं पिंड. पाय उचलला हुता तो तसाच हवेत. दुसरा पाय मातीत घसरला. दोनी हात पवनचक्कीवानी फिरायला लागले. एकदा फुडं, एकदा मागं, परत फुडं. शिवम्मा म्हनली, "शिवा, शिवा," आन धपकन मागं, मातीत बसली.

पांढरा बावटा.

टेप धरली. चिमणाबाईच्या चांगल्या डावापेक्षा वीतभर जास्त.

आता चिमणाबाईचा शेवटचा डाव ऱ्हायलेला. तिनं भाला हातात घेतला, आन शिवम्माचा खड्डा नजरंनं मापला. असं आदी कवाच झालं न्हवतं. जन्मभर तिनं भाला मोकळ्या मैदानात टाकला. कुनाच्या पुडं टाकायचा, कुनाच्या खड्ड्याला मागं सारायचं, ह्ये काय असतं ते आज कळालं. संयोगिता गर्दीतनं वरडली, "आत्ती, मारा." पिराजी म्हनला, "चिमणाबाई, आता पंजाबची बाई समजून टाक." आन शिवम्मा मातीतनंच म्हनली, "टाक गं अक्का, कोपरा कानाजवळनं काढ."

"माजंच मला शिकवतीस?"

ती पळाली. सगळा जीव खांद्यात आनला, आन सोडला. भाला उन्हात असा तळपला की म्हशी बी बघत ऱ्हायल्या असत्या. रुतला. सर आले, टेप धरली, वाकले, परत वाकले. चार बोटं कमी.

चिमणाबाई दुसरी आली.

संयोगिताला वाटलं सासू रडनार, म्हनून ती पानी घेऊन धावली. तर सासू मैदानाच्या मधी कमरंवर हात ठेवून उभी, आन तोंडावर असं हसू की पिराजीनं शेजाऱ्याला विचारलं, "नक्की हरलीया न्हवं?" चांदीचं पदक गळ्यात घालताना चिमणाबाई सरांना म्हनली, "बाळ, जरा सावकाश घाल. हेच्यासाठी लई वाट बघितली." वर सोन्याच्या पायरीवर शिवम्मा उभी हुती. तिला पदकापेक्षा पायरीची काळजी जास्त. "अक्का, ह्येच्यावरनं उतरायचं कसं?" दोघी एकमेकीचा हात धरून उतरल्या.

हितपातुर सगळं ग्वाड झालं. पन बावड्याला परत जाताना रिक्षा दसरा चौकाच्या फुडं गेली आन चिमणाबाई एकदम म्हनली, "टेप सैल धरली हुती."

"काय?" शिवम्मा म्हनली.

"तुज्या डावाला टेप ताठ, माज्या डावाला सैल. चार बोटं कुटं जात्यात तवा? टेपात गेली."

"यव्वा, टेप एकच हुती की."

"टेप एक, पन धरनारा दुसरा. आन तू मागं पडलीस ते बी बघायला पायजे. पडून टाकल्याला डाव धरत्यात व्हय?"

"आदी टाकलं, मग पडलो मी. तुज्या पिंडीमुळं पडलो."

"माजी पिंड नसती तर तू आता कुरुंदवाडला पोचली असतीस, पळत."

"मग परत टाकू. उद्या. तुज्या रानात."

"टाकू. पन टेप मी धरनार."

"तू टाकनार का टेप धरनार?"

"दोनी."

रिक्षावाला आरशातनं बघत म्हनला, "आज्ज्यांनो, कुटं सोडू?" दोघी अजून टेपातच हुत्या. संयोगितानं कपाळाला हात लावला आन म्हनली, "सरळ घ्या दादा, कारखान्याच्या अंगानं. ह्या दोघींचं आता उरकायचं न्हाय."

चिमणाबाईला एवढं भांडायला जन्मात कवा गावलं न्हवतं. तिनं पदर खोचला, शिवम्माकडं नीट वळून बसली, आन चार बोटांचा हिशोब परत पयल्यापासनं सुरू केला.